सारंग नावाड्याचं मरण

पुस्तकाची शेवटची अकरा पानं मी फाडली आणि भट्टीत घातली. हे मी आजवर लेखी कुठं कबूल केलं नव्हतं. तुमच्या कामातल्या गमतीजमती लिहा, असं या अंकाच्या संपादकांनी कळवलं. गमती पुष्कळ आहेत, त्या सांगतोच. पण त्या सांगायच्या तर आधी ही पानं मधून बाजूला करायला हवीत, म्हणून पहिल्याच ओळीत सांगून टाकलं.

माझं काम होतं वाचण्याचं. चिमूरपासून चार कोसांवर बिड्यांचा एक कारखाना होता. कारखाना म्हणजे यंत्रं नाहीत, भोंगा नाही. कवेलूंचं छप्पर असलेली लांबलचक पडवी. बारदानं अंथरून साठ-सत्तर माणसं ओळीनं बसत. पुरुष एकीकडं, बाया दुसरीकडं. प्रत्येकाच्या मांडीवर सूप, सुपात तंबाखू, बाजूला भिजवून मऊ केलेली तेंदूची पानं. पान कापायचं, चिमूटभर तंबाखू घालायची, वळायचं, टोक अंगठ्याच्या नखानं दुमडायचं, दोरा गुंडाळायचा. दिवसाला हजार वेळा. हात कामात, डोळे हातावर, पण कान दिवसभर रिकामे. त्या रिकाम्या कानांसाठी मी होतो.

तंबाखूच्या पेटीवर बसून सकाळी नागपूरचं कालचं वर्तमानपत्र वाचायचं, दुपारी गोष्ट. शेठ मला छदाम देत नव्हता. वाचणाऱ्याच्या वाट्याच्या बिड्या सगळे मिळून वळत. प्रत्येकानं रोज थोड्या बिड्या माझ्या नावानं वळून माझ्या टोपलीत टाकायच्या आणि त्यांची मजुरी मला, अशी रीत. मी मॅट्रिक नापास, पण सगळे मला मास्तर म्हणत.

या रीतीच्या बदल्यात एक शपथ होती. नव्या वाचणाऱ्यानं पहिल्या दिवशी पुस्तकावर हात ठेवून सांगायचं : "शब्द खाणार नाही, शब्द घालणार नाही." साठातल्या पाच-सहांनाच अक्षर येत होतं. बाकीच्यांनी माझ्या तोंडावर विश्वास टाकायचा, तर तोंडाला काहीतरी बांधून घ्यायलाच हवं. हे शहाणपण मला तेव्हा गमतीचं वाटलं होतं.

वाचण्याचंही एक तंत्र असतं. तंबाखूची धूळ घशात जाते, म्हणून गूळ जवळ ठेवायचा. कोणी खोकला की थांबायचं, कारण खोकला एकट्याचा राहत नाही, ओळभर फिरतो. आणि मुख्य म्हणजे गोष्टीचा वेग हातांना झेपला पाहिजे. लढाई आली की हात घाईला येत आणि बिड्या सैल होत. कोणी मरायला टेकलं की बिड्या इतक्या घट्ट होत की ओढणाऱ्याचे गाल आत जावेत. चेकर गोविंदभाऊ संध्याकाळी नुसती छाट, म्हणजे बाद झालेल्या बिड्या, पाहून सांगायचा : "आज कोणीतरी मेलं वाटते, मास्तर." मुनीमजी तर एकदा माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाले, "मास्तर, रायपूरचा माल पाठवायचा आहे. वेढा पुढच्या हप्त्यात घाला ना. तोवर लग्न-बिग्न काही असेल तर पाहा."

स्वातंत्र्य येऊन सात-आठ वर्षं झाली असतील. मुनीमजींनी नागपूरहून तंबाखूबरोबर एक जाड पुस्तक आणलं. काळा पुठ्ठा, वर तांबड्या अक्षरांत 'काजळगड', खाली 'भाग पहिला'. पुढं किती भाग आहेत ते लिहिणाऱ्यालाही माहीत नसावं. सगळ्यांनी त्याचं नाव काळी पोथी ठेवलं.

तोवर आम्ही ऐकलेल्या गोष्टींत चांगली माणसं दुःख भोगून शेवटी सुखी होत. काजळगडाचं तसं नव्हतं. डोंगरापलीकडं एक गड, तिथं सूर्य उगवतो पण वर चढत नाही. गडाचा धनी काजळनाथ दर वर्षी एका गावाच्या सावल्या मागून घेतो. सावली गेलेला माणूस चालतो, जेवतो, पण त्याला कोणाची ओळख राहत नाही. पहिल्या शंभर पानांत राजा मेला, राजाचा भाऊ मेला, सेनापती मेला आणि सेनापतीचा घोडाही मेला. घोड्याला बाया रडल्या.

पुरुषांच्या ओळीत डोमाजीबुवा बसत. सत्तरीचे, एक दात शिल्लक, आणि प्रश्न पुष्कळ.

"मास्तर, आता कोण उरलं गा?"

"राजपुत्र उरला, बुवा. आणि सारंग नावाडी."

"अन् फौज जेवली काय?"

हा त्यांचा कायमचा प्रश्न. लेखकानं सात दिवस फौज चालवली होती, पण एकदाही चूल पेटवली नव्हती. पुस्तकात नाही, असं मी सांगितलं की बुवा मान हलवायचे, "मंग हारतेच ना बाप्पा."

त्यांना सावल्या खाणारा चालला, दहा डोळ्यांची घुबडं चालली. पण एका प्रकरणात चैत्रातलं मोहाचं झाड भर पावसात फुललं आणि पडवीत दंगा झाला.

"थांब, थांब. पावसात मोह? या लिहिनाऱ्याले विचारा, हा कोणत्या जंगलात गेला होता!"

"बुवा, अद्भुत गोष्ट आहे. दहा डोळ्यांचं घुबड चालतं ना तुम्हाला?"

"घुबड मी पाह्यलं नाई, असन त्याले दहा डोळे. मोह मी पाह्यला हाये."



सारंग हा राजपुत्राला काळ्या पाण्यातून गडापर्यंत नेणारा नावाडी. साधा, थोडा तोंडाळ, नाव वल्हवता वल्हवता घरच्या बायकोला मनातल्या मनात हकिगत सांगणारा. "ऐकतेस का, आज पाण्याला वास नाही," असं त्याचं सुरू व्हायचं. अख्ख्या काळ्या पोथीत हसायची जागा तेवढीच, म्हणून पडवीचा जीव त्याच्यावर.

बायांच्या ओळीत पहिली बसायची चंद्राबाई. वय तिशीच्या आतबाहेर. तिच्याइतक्या भरभर आणि एकसारख्या बिड्या कोणाच्या नव्हत्या. गोविंदभाऊला तिच्या मालात छाटायला काही सापडायचं नाही, तरी तो तिच्या बिड्या दोनदा तपासायचा. तिचा नवरा वैनगंगेवर सागाचे तराफे नेणाऱ्या टोळीत होता. लाकडं बांधून त्यावरच बसायचं आणि प्रवाहाबरोबर सिरोंच्याकडं उतरायचं, असं ते काम. तो चार वर्षांपूर्वी उतरला तो परत आला नाही. टोळीतले म्हणाले, सिरोंच्याला उतरला आणि पुढं तेलंग्यांच्या मुलखात गेला. कोणी म्हणे, मार्कंड्याच्या जत्रेत दिसला. कोणी म्हणे, नदीनं नेला. प्रेत नाही, पत्र नाही. चंद्राबाईच्या हातात बांगड्या होत्या आणि त्या ठेवाव्यात की उतरवाव्यात, यावर गावाची दोन मतं होती.

हे सगळं मला माहीत होतं. माहीत नव्हतं ते पुढं सांगतो.

उद्या वाचायचं प्रकरण मी आदल्या दिवशी नजरेखालून घालत असे. कुठं आवाज चढवायचा, कुठं गूळ खायचा, हे ठरवायला. शेवटचं प्रकरण उरलं त्या आठवड्याच्या सुट्टीला मी भर दुपारी तळ्याच्या पाळीवर बसून ते वाचलं. सारंग राजपुत्राला गडाच्या पायरीवर उतरवतो, परत फिरतो आणि काळं पाणी त्याला नावेसकट गिळतं. बायकोशी बोलता बोलता. वाक्य अर्धंच राहतं. मी तिथंच रडलो. बाजूला म्हशी धुणारा एक गडी म्हणाला, "काय झालं जी, तार आली काय?"

मग मी विचार केला, आणि तिथंच घसरलो. वाटलं, पडवीला हे ऐकवायचं? सणाचे दिवस जवळ आलेले. लोक काय म्हणतील? खरं सांगायचं तर, मला काय म्हणतील, असं वाटलं. सारंगच्या प्रत्येक वाक्याला मी वाहवा घेतली होती. त्याचं मरण माझ्या तोंडून जावं, हे मला नको होतं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी लवकर गेलो. बिड्या शेकायची भट्टी नुकतीच पेटवली होती. अकरा पानं फाडली, आत टाकली आणि दुपारी पेटीवर बसून, पुस्तकाच्या पुठ्ठ्याकडं बघत, डोक्यातून वाचलं : धुकं फाटलं, नाव दिसली, सारंग काठावर उतरला आणि म्हणाला, "ऐकतेस का, आलो."

पडवीनं टाळ्या वाजवल्या. डोमाजीबुवांनी माझ्या टोपलीत मूठभर बिड्या जास्त टाकल्या. त्या मी घेतल्या.

दुसऱ्या दिवशी माठापाशी पाणी पीत होतो. चंद्राबाई आली. चेहरा असा उजळलेला की मी आधी ओळखलंच नाही.

"मास्तर, तुमाले एक सांगतो. कोणाले सांगजो नोका. गोविंदभाऊनं मले पाटासाठी विचारलं होतं."

पाट म्हणजे बाईचं दुसरं लग्न. आमच्याकडं ती चालती रीत आहे, लपवण्यासारखं त्यात काही नाही.

"मग?"

"मी म्हणलं, थांबा, पोथी संपू द्या. मी मनात कौल लावला होता. सारंग वापस आला त माझा मानूसही येते. अन् बुडला त बुडला, मी पाट लावून घेतो. काल आला ना सारंग! सकाळीच भाऊले नाई सांगून आली."

देवळात दाणे टाकून कौल लावतात, हे मी पाहिलं होतं. पुस्तकाला कोणी कौल लावेल, हे डोक्यात आलं नव्हतं. पण जिथं पुस्तक शपथेवर वाचलं जातं, तिथं ते देवळापेक्षा कमी कशाला धरतील?

मी तेव्हाच बोलायला हवं होतं. "बाई, थांबा, सारंग बुडाला," एवढे चार शब्द. गोविंदभाऊ वीस पावलांवर टोपल्या मोजत होता. पानं फाडली ती माझी चूक होती. माठापाशी मी गप्प राहिलो, तो गुन्हा होता. मला दिसत होती ती फक्त माझी पेटी. शपथ मोडणाऱ्याला पेटीवर कोण बसू देणार? मी म्हणालो, "चांगलं झालं, बाई." हे शब्द मला अजून ऐकू येतात.

महिन्याभरानं गोविंदभाऊ माझ्याकडं आला. अहेरीकडं शेठची दुसरी शाखा होती, तिथं बदलीसाठी अर्ज लिहून हवा होता. मी कागद घेतला.

"कारण काय लिहू, भाऊ?"

त्यानं दाराबाहेर पाहिलं. "लिहा, इथचं पानी मानवत नाई."

मी लिहिलं. सुंदर अक्षरात लिहिलं. अर्ज मंजूर झाला. वर्षाच्या आत त्यानं तिकडं लग्न केलं. बातमी आली त्या दिवशी चंद्राबाई म्हणाली, "बरं झालं. चांगला मानूस होता," आणि एक बिडी उलगडून पुन्हा वळली. तिला बिडी उलगडताना मी पहिल्यांदाच पाहिलं.

आणि मग मुनीमजींनी नागपूरहून 'काजळगड, भाग दुसरा' आणला.

पहिलंच वाक्य होतं, सारंगला काळ्या पाण्यानं नेलं त्याला तीन वर्षं झाली होती. पडवी कान टवकारून बसलेली. मी घसा खाकरला आणि वाचलं, "काजळगडावर तीन वर्षं झाली होती." इथून माझे हाल सुरू झाले. लेखकानं मारलेला माणूस साडेचारशे पानं जिवंत ठेवायचा, तोही वाचता वाचता. सभा भरली की मी जोडायचो, "सारंगही एका कोपऱ्यात बसला होता." सैन्य निघालं की, "मागून सारंगही निघाला." काही सुचेना तेव्हा तो बिडी ओढायचा. त्या काळात सारंगइतक्या बिड्या आमच्या जिल्ह्यात कोणी ओढल्या नसतील. बोलायला मात्र मी त्याला लावेना. त्याचं ते "ऐकतेस का" माझ्या तोंडातून निघेचना.

पडवी काही बहिरी नव्हती. डोमाजीबुवांनी तिसऱ्या दिवशीच विचारलं, "मास्तर, हा सारंग बोलत काऊन नाई? याची सावली गेली का काय?"

"थकला आहे, बुवा."

"बिड्या ओढूनच थकला असन! फौज जेवत नाई, हा नुसता धूर खाते. कसं व्हाचं गा या लोकायचं?"

पडवी हसली. मीही हसलो. मग चंद्राबाई बोलली. ती सहसा वाचनाच्या मध्ये बोलत नसे. हात न थांबवता, वर न पाहता म्हणाली :

"माझ्या मानसासारखाच झाला हा. हाये म्हणतात सारे. दिसत नाई, बोलत नाई. नुसता हाये."

मी पुढचं पान उलटलं, पण ओळ सापडेना. घसा बसला असं सांगून त्या दिवशी वाचन थांबवलं, आणि सुटी झाल्यावर पडवीच्या दाराशी चंद्राबाईला गाठलं. सगळं सांगितलं. तळं, भट्टी, अकरा पानं. ती ऐकत उभी राहिली. सूप छातीशी धरलेलं.

"तवा सांगतलं काऊन नाई? माठापाशी?"

"भीती वाटली, बाई."

"मले वाटली होती भीती. चार साल. तुमाले कायची?"

तिनं सूप काखेत घेतलं.

"गोविंदभाऊले माहीत हाये?"

"नाही."

तिनं डोळे पुसले नाहीत, आवाज चढवला नाही. एवढंच म्हणाली, "दाराच्या कोपऱ्यात माफी मांगून राह्यले? वाचलं त साऱ्यायच्या समोर. मंग सांगाचं बी साऱ्यायच्या समोर. अन् मुडदा पुरा सांगजो. कसा बुडला, काय बोलला. अर्धा नोको."

त्या पेटीवर मी पुन्हा कधी बसलो नाही, हे इथंच सांगून टाकतो. माझ्या जागी चिमूरचा एक जण आला. मी वर्षभर ओळीत बसून बिड्या वळल्या. निम्म्या छाटीत जात, आणि डोमाजीबुवा म्हणत, "याच्यापेक्षा खोटं बरं वाचत होता." पुढं वाचनालयात नोकरी लागली, तिथं आता वीस वर्षं होतील. पुस्तक परत आलं की पानं मोजल्याशिवाय मी ते कपाटात ठेवत नाही. लोकांना वाटतं, मी कामाला चोख आहे.

तर त्या दुसऱ्या दिवशी मी पुस्तक न घेता आत गेलो. वर्तमानपत्रही नाही. सगळे वाट पाहत होते. मी पेटीपाशी उभा राहिलो आणि सांगितलं की पहिल्या भागाचा शेवट मी खोटा वाचला होता, आता खरा सांगतो. अकरा पानं मला तोंडपाठ होती. वर्षभर मनात दुसरं काही चाललंच नव्हतं. पायरी, काळं पाणी, परत फिरलेली नाव. "ऐकतेस का, पोराला उतरवलं. आता निघालोच आहे, दार उघडं..." इथं वाक्य तुटतं, तिथं मीही तोडलं.

साठ जणांचे हात थांबले होते. मुनीमजीही बाहेर येऊन ऐकत उभे होते. डोमाजीबुवांनी विचारलं, "मंग मेला?"

"मेला, बुवा. पहिल्या भागातच मेला."

बायांच्या ओळीतून कोणीतरी हुंदका दिला. चंद्राबाईनं नाही. ती माझ्याकडं सरळ पाहत होती. मी पेटीपासून दूर झालो, ओळींच्या मधल्या वाटेनं तिच्यापुढं गेलो आणि खाली जमिनीवर बसलो. आवाज शेवटच्या माणसापर्यंत पोचेल एवढा ठेवला, तेवढं मला येत होतं.

"चंद्राबाई, पुस्तकात नव्हतं ते मी वाचलं. तुम्ही त्यावर कौल लावला होता, हे मला दुसऱ्याच दिवशी कळलं. गोविंदभाऊ तेव्हा इथंच होता. मी बोललो असतो तर तो थांबला असता. मी बोललो नाही. तुमची दया आली म्हणून गप्प बसलो नाही, माझी जागा जाईल म्हणून बसलो. तुमच्या आयुष्यातलं एक दार मी लावलं, आणि ते आता मला उघडता येत नाही. माझं चुकलं. मला माफ करा."